इटलीच्या बदल्यात एक बेट

माझ्या मुलाची नोकरी गेली तेव्हा मी त्याच्याच घरात राहत होते, आणि मला कोणी सांगितलं नाही. मला ते कळायला दोन दिवस लागले. घराच्या दाराजवळ एक खुंटी आहे. तिच्यावर तो ऑफिसचा पट्टा अडकवायचा, ज्याला त्याचा फोटो असलेलं कार्ड लटकलेलं असे. खुंटी रिकामी झाली. त्याच आठवड्यात त्याने बायकोकडे डबा मागायला सुरुवात केली. रेडमंड गावातल्या त्याच्या कंपनीत जेवण आयतं मिळतं म्हणून ज्या माणसाने चार वर्षं घरचा डबा उचलला नव्हता, तो सकाळी आठला पोळीभाजी घेऊन बाहेर पडायला लागला. कुठे जात होता ते देव जाणे. नंतर कळलं, वाचनालयात जाऊन बसायचा.

उरलेलं भिंतीने सांगितलं. अमेरिकेतली घरं बाहेरून मोठी, आतून पुठ्ठ्याची. नवराबायको न्हाणीघरात पंखा लावून बोलायचे आणि मला शेजारच्या खोलीत शब्द न् शब्द ऐकू यायचा. नोकरीच्या व्हिसावर असलेल्या माणसाची नोकरी गेली की या देशात साठ दिवस मिळतात. साठ दिवसांत दुसरी शोधायची, नाहीतर चंबूगबाळं आवरायचं. सुनेचा व्हिसा त्याच्या व्हिसाला बांधलेला. नात मात्र इथेच जन्मली, तिला कोणी हात लावू शकत नाही. नऊ वर्षांच्या पोरीला ठेवून घेतील आणि तिच्या आईबापाला घालवतील, असा हा शहाण्यांचा देश.

मी विचारलं नाही. ज्याने लपवलं त्याने सांगावं. माझं परतीचं तिकीट सप्टेंबरचं होतं आणि मला कसलीच घाई नव्हती.

त्या ऑगस्टात आम्ही सगळे इटलीला जाणार होतो. माझीही कागदपत्रं झाली होती. त्यासाठी मला एका कचेरीत नेऊन दहाही बोटांचे ठसे घेतले होते, आयुष्यभर राखेने भांडी घासून झिजलेली बोटं, ठसा उमटता उमटेना. सुनेने त्या सहलीची बारा पानं छापून ठेवली होती. इटलीत एक बेट आहे म्हणे, जिथे फारसं कोणी जात नाही. मोठ्या शहरातून सकाळची बोट घ्यायची, दिवसभर बेटावर हिंडायचं, संध्याकाळी परत. बरोबर गाइड नाही. सून त्याला सेल्फ गायडेड म्हणायची. म्हणजे वाट दाखवणारा नाही, आपली आपण चुकायची.

मग एक दिवस मुलगा म्हणाला, "आई, इटली कॅन्सल केलं. यंदा तिकडे फार ऊन आहे."

मे महिन्यात चुलीपुढे बसून शंभर माणसांचा भात शिजवलेल्या बाईला तो उन्हाचं सांगत होता. खरं कारण मला माहीत होतं. या अवस्थेत तो देशाबाहेर पडला असता तर त्याला परत आत घेतलं नसतं.

"बरं," मी म्हटलं.

"पण डोन्ट वरी, आपण इथेच एका बेटावर जाऊ. सेम टु सेम. फेरीने जायचं, शांत आहे एकदम."

सून शहाणी. तिने बारा पानं फेकली नाहीत. त्यांच्यावरच पेनाने खोडून नवीन लिहिलं. लिंबाच्या बागेच्या जागी लॅव्हेंडरचं शेत, कोळ्यांच्या बंदराच्या जागी लाकडी जेटी, चर्चच्या जागी मातीच्या भांड्यांचं दुकान. वेळा त्याच ठेवल्या. दोन विषयांत मास्टर्स केलेल्या बाईने इटलीचं बेट वॉशिंग्टनच्या बेटावर असं चढवलं, जसं एखाद्या बाईने सवतीच्या मापाचं पोलकं अंगात चढवावं.

शनिवारी सकाळी निघालो. फेरी म्हणजे मोटारी पोटात घेणारी बोट. तिच्यासाठी आधी गाडीतच बसून रांगेत थांबायचं. आम्ही तासभर थांबलो. मुलगा गाणी लावत होता, जोक सांगत होता, स्टिअरिंगवर ताल धरत होता. त्याचं खोटं हसणं मला लांबून ओळखू येतं. मी त्याला जन्म दिलाय. सून पुढच्या सीटवर मांडीवर एक कापडी पिशवी धरून बसली होती. ती तिने पाण्याची बाटली काढायलासुद्धा खाली ठेवली नाही.

"काय गं, पिशवीत अंडी आहेत का?" मी विचारलं.

"नाही आई, असंच. खायचं आहे थोडं."

खायचं माझ्या पायाशी होतं. धपाटे मी स्वतः पहाटे उठून केले होते.

बोटीत शंभराच्या वर गाड्या गेल्या. वर चढून आलो तर लांबलचक बाकं, मोठ्या काचा, कॉफीचं दुकान, आणि टेबलांवर तुकडे जोडायची अर्धवट चित्रं पसरलेली. एकाने अर्धं जोडायचं, उतरून जायचं, पुढच्याने पुढे जोडायचं. नात लगेच एका चित्रापाशी बसली. बाकीचे लोक बाहेर जाऊन डोंगराचे फोटो काढत होते. लांबवर एक बर्फाचा डोंगर आहे. तो ढगांतून दिसला की इथले लोक एकमेकांना सांगतात, आज डोंगर बाहेर आलाय. जसा काही तो रोज आत झोपलेला असतो. त्या दिवशी मला ते पाच जणांनी सांगितलं, तिघांनी इंग्रजीत, दोघांनी मराठीत. मराठीतले दोन माझ्याच घरचे.

मी खाडीकाठच्या गावात वाढले. शाळा चौथीपर्यंत, तीही पलीकडच्या काठावर, तरीने म्हणजे गावच्या होडीने जायचं. पुढे लग्न झाल्यावर तालुक्याच्या बाजाराला भाजीची पाटी घेऊन त्याच तरीने जायची. तरीत माणसं, शेळ्या, रॉकेलचे डबे, एकदा तर एक मेलेला माणूसही होता, कारण त्याचे नातेवाईक पलीकडचे. वीस वर्षं मी ती खाडी ओलांडली. तेवढ्या काळात कोणीही, एकदाही, पाण्याकडे बघून किती शांत वाटतंय असं म्हटलं नाही. पाणी शांत असलं की होडी लवकर पोचते, एवढाच त्याचा अर्थ.

पाय आखडले म्हणून मी बोटीच्या मागच्या डेकवर गेले. तिथे वारा जोराचा असतो, म्हणून फोटोवाले जात नाहीत. कठड्यापाशी सून एकटी उभी होती. पिशवी उघडलेली. तिच्या हातात नारळ होता. लाल ब्लाउजपीसमध्ये गुंडाळलेला, वरून गाठ मारलेली, गाठीतून शेंडी बाहेर. शेंडीवर कुंकू.

मला बघून ती दचकली. "आई, तुम्ही आत जा ना. थंडी वाजेल."

"हे काय?"

"काही नाही. एडिसनला राहतात त्या काकूंनी सांगितलंय. वाहत्या खाऱ्या पाण्यात सोडायचा. उजव्या हाताने. आणि सोडल्यावर मागे बघायचं नाही."

"कशासाठी?"

"घरासाठी. शांती राहावी म्हणून."

"शांती."

"त्यांच्या जावयाने केलं होतं, आई. आठ दिवसांत…" एवढं बोलून तिने जीभ चावली.

आठ दिवसांत काय ते मला समजलं. ज्या काकूंना ती आयुष्यात दोनदा भेटली होती त्यांना नवऱ्याच्या नोकरीचं ठाऊक होतं. घरात तिच्या हातची भाकरी खाणाऱ्या सासूला कोणी सांगितलं नव्हतं.

आमच्या गावचे कोळी नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ द्यायचे. तो त्यांचा व्यवहार होता. समुद्र त्यांना वर्षभर मासळी द्यायचा, ते त्याला वर्षाचा एक नारळ द्यायचे. त्यातलेही निम्मे नारळ गावची पोरं पोहत जाऊन परत आणायची आणि संध्याकाळी त्यांची चटणी व्हायची. देवाने कधी तक्रार केल्याचं माझ्या ऐकण्यात नाही. पण त्या कोळ्यांतला एकही असा नव्हता ज्याने जाळं घरी ठेवलं आणि नुसता नारळ घेऊन समुद्रावर गेला.

"टाक मग," मी म्हटलं. "आणि आत चल. चहा गार होतोय."

तिने डोळे मिटले, ओठ हलवले आणि नारळ टाकला. टाकला म्हणजे काय, लहान मूल चेंडू टाकतं तसा. पाठ फिरवून ती सरळ दाराकडे चालू लागली. काकूंनी मागे बघायचं नाही म्हणून सांगितलं होतं ना. त्यामुळे पुढचं तिने पाहिलं नाही, मी पाहिलं. नारळ बुडाला, पुन्हा वर आला. ब्लाउजपीसची गाठ सुटली आणि लाल कापड दोन्ही बाजूंना हातांसारखं पसरलं. मध्ये ते तपकिरी केसाळ डोकं, लाटेबरोबर खाली-वर. मलाही क्षणभर दिसलं ते लहान मूलच.

वरच्या मजल्यावरून एक बाई किंचाळली.

मग भोंगा वाजला, एकदा नाही, पुन्हा पुन्हा. पायाखालची थरथर बदलली. एवढी मोठी बोट, पण कशी तिरपी झाली आणि वळायला लागली. बाहेर बसलेली माणसं उठून कठड्याला चिकटली. कर्ण्यातून एक आवाज काहीतरी सांगत होता. मुलगा धावत आला, नातीचा दंड धरून. डोळ्यांनी त्याने आम्हाला मोजलं.

"आई. तू. ही. ओके. सगळे आहोत." त्याला दम लागला होता. "कोणीतरी पाण्यात पडलंय. लहान मूल म्हणतायत. लाल जॅकेट. सगळ्यांना आपापली माणसं मोजायला सांगितलंय."

सून जिथे होती तिथेच खाली बसली. ओल्या डेकवर, चांगल्या कपड्यांत.

"अगं, काय झालं?"

"तो नारळ आहे," ती म्हणाली.

"कोणता नारळ?"

"मी टाकला. लाल कपड्यात."

मुलाने आधी तिच्याकडे पाहिलं, मग इकडेतिकडे पाहिलं. मग तिच्याजवळ वाकून, दबक्या आवाजात, पण मला ऐकू येईल असं म्हणाला, "कोणाशी एक शब्द बोलू नकोस. आत्ता काही केस झाली, काही रेकॉर्ड झालं, तर संपलंच यार. त्यांना सापडेल तो. बघतील, नारळ आहे, सोडून देतील."

पण नारळ सापडेना. बोट गोल फिरली तेवढ्यात तो कुठल्या कुठे गेला. नारिंगी रंगाची एक लहान होडी खाली सोडली. तिच्यात दोन माणसं, एक हातात लांब दांड्याची जाळी घेऊन उभा. पाणी बर्फासारखं. ऑगस्टातही त्या पाण्यात माणूस फार वेळ टिकत नाही, असं मुलानेच मला सकाळी रांगेत मोठ्या कौतुकाने सांगितलं होतं. पंधरा मिनिटं गेली, मग अर्धा तास. एक बाई तिची तीन पोरं पोटाशी धरून बसली होती आणि त्यांना पुन्हा पुन्हा मोजत होती, एक, दोन, तीन, एक, दोन, तीन. एक म्हातारा टोपी काढून हातात धरून उभा होता. कोणाचंच मूल हरवलं नव्हतं, तरी सगळी बोट कोणाच्या तरी मुलासाठी श्वास धरून होती. आणि ते मूल कोणाचंच नाही हे फक्त आम्हाला ठाऊक होतं. आम्ही चौघं, त्यातली तिघं खाली मान घालून.

इथवर मला या सहलीचा नुसता कंटाळा होता. आता मला माझ्या घरच्यांची लाज वाटायला लागली.

कर्णा पुन्हा वाजला. नातीने सांगितलं, "आजी, दे आर कॉलिंग अ हेलिकॉप्टर."

"ऊठ," मी मुलाला म्हटलं. "सांगायला चल."

"आई, तुला कळत नाहीये."

"काय कळत नाहीये?"

काय कळत नाही ते सांगायचं तर नोकरीचं सांगावं लागलं असतं. हेलिकॉप्टर निघालं तरी चालेल, पण आईला कळता कामा नये, अशी त्याची समजूत होती. इतका शिकून तो असा झाला.

मी नातीचा हात धरला आणि गणवेशातल्या एका बाईकडे गेले. पन्नाशीची असेल, धिप्पाड, पाठीवर पांढरी वेणी, हातात रेडिओ. ती माझ्याकडे बघेना. मी तिची बाही ओढली.

"हिला सांग," मी नातीला म्हटलं, "पाण्यात मूल नाही. नारळ आहे. आजीने टाकला."

"तू?"

"सांग."

नातीने सांगितलं. त्या बाईने मला दोनदा विचारलं. मी हातांनी आकार दाखवला, नातीच्या टी-शर्टवरचा लाल रंग दाखवला, शेंडी दाखवायला स्वतःचे केस वर धरले. ती रेडिओत भराभर बोलली.

मी सुनेवर उपकार केले असं कोणी समजू नये. सुनेचा व्हिसा मुलाच्या नोकरीच्या दोरीला लटकलेला आणि ती दोरी तुटलेली. माझ्या पासपोर्टवरचा शिक्का मुळात मी परत जाणार म्हणूनच दिलेला. मला हाकलून देतील तर काय, जायचं तिथेच आठ दिवस आधी पोचले असते. घरात ज्याचं काही जाणार नाही त्याने पुढे व्हावं. यात माया वगैरे नाही, हा हिशोबीपणा आहे, आणि तो दोन इंजिनियरांना सुचला नाही.

मग त्या बाईने एक शब्द विचारला. तो मलाही समजला, पण नातीने सांगितला. "आजी, ती विचारते, का?"

देवासाठी म्हटलं असतं तर भागलं असतं. इथले लोक देवाचं नाव काढलं की पुढे विचारत नाहीत. पण तेवढ्यात मुलगा माझ्यामागे येऊन उभा राहिला. त्याचं पाऊल मला ओळखू आलं. तो काय बोलतो याची मी थोडी वाट पाहिली.

"सांग तिला," मी म्हटलं, "माझ्या मुलाची नोकरी गेली आहे. ती मिळावी म्हणून टाकला."

ज्या थोतांडावर मी थुंकलेही नसते ते मला माझं म्हणून सांगावं लागलं. पण त्याहून नातीचं तोंड बघण्यासारखं झालं. तिने त्या बाईला काही सांगितलंच नाही. माझ्याकडे बघून म्हणाली, "नो आजी. बाबा रोज ऑफिसला जातात."

ती बापाकडे वळली. "बाबा?"

मग माझा मुलगा बोलला. नातीशी नाही, माझ्याशी नाही, त्या गणवेशातल्या बाईशी, इंग्रजीत. मला इंग्रजी येत नाही, पण तो इतका सावकाश बोलला की मला सगळं समजलं. त्या बाईने हात त्याच्या खांद्यावर ठेवला. मला ते आवडलं नाही. जे माझ्या स्वयंपाकघरात सांगायचं ते त्याने एका परक्या बाईला समुद्रावर सांगितलं, आणि वर तिची दया घेतली.

थोड्या वेळाने लहान होडी परत आली. उभ्या माणसाने जाळी उंच करून दाखवली, तिच्यात नारळ. तर काय, वरच्या डेकवर सगळे टाळ्या वाजवायला लागले. काही जण रडत होते. अमेरिकेत विमान उतरलं तरी टाळ्या, केक कापला तरी टाळ्या, नारळ सापडला तरी टाळ्या. सुनेने मात्र मान वर केली नाही.

वेणीवाल्या बाईने मला खूप बोलून घेतलं. नातीने त्यातलं निम्मंच सांगितलं असावं. पाण्यात काहीही टाकणं गुन्हा आहे, आज दोन माणसांनी जीव धोक्यात घातला, वगैरे. खरंच होतं. मी खाली मान घालून ऐकलं. माझं नाव लिहून घेतलं, मुलाचा पत्ता लिहून घेतला, नारळ ठेवून घेतला. पुढे त्याचं काही झालं नाही.

बेटावर पोचलो तेव्हा सुनेच्या बारा पानांतली पहिली तीन पानं उलटून गेली होती. लॅव्हेंडर महिन्यापूर्वीच कापून झालेलं, शेतात नुसते राखाडी बुंधे. भांड्यांच्या दुकानात एक वाकडा वाडगा होता, आमच्या कुंभाराने तो गाढवाला पाणी पाजायलाही दिला नसता, इथे तो काचेच्या कपाटात ठेवलेला. मग एका बाकावर बसलो. समोर पाणी, मागे काळ्या बोरांसारख्या फळांची काटेरी झुडपं, कोणी माणूस नाही. शांत होतं खरं. घरात कोणी कोणाशी बोलत नाही तेव्हाही अशीच शांतता असते. त्यासाठी बोटीने कशाला यायचं?

मी धपाटे वाढले. नात बापाकडे पाठ करून बसली.

"तुला कधीपासून माहीत होतं?" मुलाने विचारलं.

"खुंटीवरचा पट्टा गेला तेव्हापासून."

"मग बोलली का नाहीस?"

"नोकरी माझी गेली होती का?"

तो हातातला तुकडा मोडत राहिला. "तुला टेन्शन द्यायचं नव्हतं, आई."

"खोटं बोलू नकोस. गावात मी सांगत फिरेन, माझा मुलगा घरी बसलाय, याची तुला भीती होती. किती दिवस उरले?"

"सतरा."

"आणि तू बेट बघायला आलायस."

"वीकेंड आहे. कोण फोन उचलणार?"

तेव्हा सून पहिल्यांदा बोलली. माझ्याकडे न बघता. "ट्रॉयचा मित्र उचलेल. त्याने तीनदा मेसेज केलाय. हाच उत्तर देत नाही."

"कोण मित्र?"

मुलाने बायकोकडे असं पाहिलं की दुसरी कोणी असती तर गप्प झाली असती. पण तिचं लाजायचं सगळं सकाळीच संपलं होतं. तिने सांगून टाकलं. कॉलेजचा मित्र. मिशिगनमध्ये ट्रॉय म्हणून गाव आहे, तिथे मोटारींचे भाग करणाऱ्या कंपनीत आहे. त्याच्या हाताखाली जागा आहे. हुद्दा दोन पायऱ्या खालचा, पण ते लोक व्हिसाचे कागद लगेच भरायला तयार आहेत.

"आई, तो माझ्या वह्या उतरवून पास झालाय," मुलगा म्हणाला. "त्याला मी रिपोर्ट करू?"

"बरं झालं. तुझ्या वह्या कोणाच्या तरी कामी आल्या."

"तुला नाही कळणार."

"तू हे आज दुसऱ्यांदा म्हणालास. पाटी डोक्यावर घेऊन मी ज्या बाईच्या दारात भाजी विकायची, ती माझ्या वर्गात होती. पहिलीत नापास. तिचं लग्न मामलेदाराच्या कारकुनाशी झालं. ती दारात उभी राहून प्रत्येक जुडी उलटीसुलटी करायची, आणि मी तिला ताई म्हणायची. तुझी फी मी त्या ताईच्या जिवावर भरली आहे. तू मला सांगतोस, कोणाच्या हाताखाली काम करायचं?"

हे मी त्याला कधी सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं त्यात काही नव्हतं.

नातीने पाठ न वळवता विचारलं, "डू वी हॅव टु लीव्ह?"

"मेबी," तो म्हणाला. माझ्या ऐकण्यात त्याने घरच्या कोणाला दिलेलं ते महिन्यातलं पहिलं खरं उत्तर. मग तो उठून जेटीच्या टोकापर्यंत गेला, फोन लावला, मित्र उचलेना, निरोप ठेवून परत आला.

परतीच्या रांगेत सून मागच्या सीटवर माझ्याजवळ बसली. नखं खरवडत म्हणाली, "आई, मी सांगायला हवं होतं. तिथे बोटीवर."

"हो."

"तुम्ही का माझं नाव नाही घेतलंत?"

"तुला वेळ लागत होता."

ती आणखी काही बोलणार होती, पण पुढे मुलाचा फोन वाजला. ट्रॉयचा होता. त्याच वेळी बोट लागली आणि रांगेतल्या गाड्या हलायला लागल्या. मुलगा दार उघडून बाहेर पडला, एक कान हाताने दाबून खडीवर येरझाऱ्या घालायला लागला. आमच्या पुढच्या गाड्या बोटीत शिरल्या. आमच्यापुढे मोकळी जागा. मागच्याने हॉर्न दिला, मग त्याच्या मागच्याने. नारिंगी जाकिटातला एक माणूस आमच्याकडे हात हलवून ओरडायला लागला.

ती नोकरी त्याला लागली, पण त्या एका फोनवर नाही. आणखी पाच-सहा फोन झाले, दोन परीक्षा झाल्या, आणि कागद दाखल झाले तेव्हा सहा दिवस उरले होते. आता ते ट्रॉयला राहतात. सून फोनवर सांगते, तिथे थंडी जास्त आहे आणि मराठी मंडळ चांगलं आहे. मित्राबद्दल मुलगा फारसं बोलत नाही. चांगला वागवत असावा, नाहीतर बोलला असता.

पण त्या संध्याकाळी यातलं काही आम्हाला माहीत नव्हतं. बाहेर तो येरझाऱ्या घालत होता, मागे हॉर्न वाजत होते. सून दार उघडून उतरली, पुढे जाऊन स्टिअरिंगवर बसली. तिला ही मोठी गाडी चालवायची भीती वाटते, तीन महिन्यांत मी तिला ती चालवताना पाहिलं नव्हतं. तिने काच खाली केली, त्या नारिंगी माणसाला हाताने नाही म्हणून सांगितलं, आणि धक्के देत देत गाडी रांगेतून बाहेर काढून पार शेवटी नेऊन उभी केली. पुढची बोट दीड तासाने होती. तिने चावी फिरवून इंजिन बंद केलं.

"बोलू दे त्याला," ती म्हणाली.

त्या दिवसभरात तिने केलेलं हे पहिलं काम, ज्याला मला नावं ठेवता आली नाहीत.